मागल्या नोकरीची वर्षं

१ नोव्हेंबर १९५६ रोजी नागपूरचं राजधानीपण गेलं. आदल्या संध्याकाळपर्यंत इथल्या सचिवालयात टिपणं लिहिणारा कारकून मध्य प्रदेश सरकारचा नोकर होता. राज्य पुनर्रचनेचा कायदा अमलात आला, विदर्भाचे आठ मराठी जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात गेले, उच्च न्यायालयाचं मुख्य पीठ जबलपूरला हललं. कुणाच्या नावाने भोपाळचे आदेश निघाले, कुणाच्या नावाने मुंबईचे, आणि बरेच जण आपापल्या टेबलावरच बसून राहिले. साडेतीन वर्षांनी, १ मे १९६० ला, सरकार पुन्हा बदललं. १९४० च्या सुमारास मध्य प्रांत व वऱ्हाडच्या सरकारात चिकटलेला आणि १९७० च्या आसपास निवृत्त झालेला माणूस हिशेबाने चार सरकारांच्या हाताखाली राबला: प्रांताच्या, मध्य प्रदेशच्या, मुंबई राज्याच्या आणि महाराष्ट्राच्या. त्याने राजीनामा मात्र एकदाही दिला नाही.

त्याची पेन्शन काढताना १९४० पासूनची सगळी वर्षं एका ओळीत धरली गेली. त्यासाठी त्याला स्वतःला काही करावं लागलं नाही. पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ ने त्याची जबाबदारी नव्या राज्यावर टाकली होती आणि केंद्राची आगाऊ मान्यता घेतल्याशिवाय त्याच्या सेवाशर्ती त्याचं नुकसान होईल अशा बदलायच्या नाहीत, असंही बजावलं होतं. पेन्शनचा बोजा कोणत्या राज्याने किती उचलायचा हे सरकारांनी आपसात बघून घ्यायचं होतं. ज्येष्ठतेच्या याद्यांवरून पुढे वर्षानुवर्षं भांडणं झाली, मुंबईकडचे वर की नागपूरकडचे वर यावरून कोर्टकचेऱ्या झाल्या, ते खरं. पण झालेली नोकरी बुडाली असं झालं नाही. मराठवाड्यातले कर्मचारी तर निजामाच्या राजवटीतून आले होते. तिथलं चलनसुद्धा वेगळं. सात हाली रुपयांचे सहा कलदार रुपये होत. तीही नोकरी जोडली गेली.

आता याच नागपुरातला आजचा माणूस घ्या. जिल्हा परिषदेची नोकरी सोडून तो दोन चौक पलीकडच्या तहसील कार्यालयात रुजू होतो. राज्य तेच, शहर तेच. तरीही त्याची मागची सहा वर्षं पेन्शनमध्ये धरली जातील याची खात्री नाही. सरकार बदललं की सेवा आपोआप पुढे सरकते. माणसाने नोकरी बदलली की सगळं त्याच्या कागदांवर येऊन पडतं. लोक समजतात की पेन्शनचा निकाल अठ्ठावन्नाव्या वर्षी लागतो. प्रत्यक्षात तो पंचविशी-तिशीत, पहिली नोकरी सोडतानाच्या त्या एका आठवड्यात लागून गेलेला असतो. तो कळतो मात्र अठ्ठावन्नाव्या वर्षी.

महाराष्ट्राच्या कर्मचाऱ्यांना लागू असलेले महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ चे. त्याआधी मुंबई नागरी सेवा नियम १९५९ होते. या नियमांचा सगळा डोलारा ‘अर्हताकारी सेवा’ या कल्पनेवर उभा आहे. माणूस किती वर्षं सरकारी कामावर होता आणि त्यातली किती पेन्शनसाठी धरायची, हे दोन वेगळे आकडे असतात. तात्पुरत्या नेमणुकीची वर्षं धरली जातात, पुढे खंड न पडता त्याच किंवा दुसऱ्या पदावर कायम झालं की झालं. परिवीक्षा काळ धरला जातो. वैद्यकीय दाखल्याशिवाय घेतलेली असाधारण रजा सहसा वजा होते. मग उरलेल्या कालावधीचे सहामाही तुकडे पाडतात. तीन महिने किंवा त्याहून जास्त उरले तर पूर्ण सहामाही धरतात, कमी असतील तर सोडून देतात.

पूर्वी या तुकड्यांना फार किंमत होती. पूर्ण पेन्शनला ३३ वर्षं, म्हणजे ६६ सहामाह्या लागायच्या. साठ हजार पगारावर निवृत्त होणाऱ्याची सेवा २२ वर्षं भरली तर त्याला अर्ध्या पगाराच्या दोन तृतीयांश, म्हणजे वीस हजार मिळत. मागची सहा वर्षं जोडली गेली तर तीच पेन्शन साडेपंचवीस हजारांच्या जवळ जाई. सहाव्या वेतन आयोगानंतर आधी केंद्राने आणि मग राज्यानेही ही ३३ वर्षांची अट सोडली. त्यामुळे कार्यालयात हल्ली एक वाक्य सर्रास ऐकू येतं: ‘आता वीस वर्षं झाली की पूर्ण पेन्शन, मागची सेवा जोडून काय मिळणार?’

हे वाक्य अर्धंच खरं आहे. सेवानिवृत्ती उपदान, म्हणजे आपण ज्याला ग्रॅच्युइटी म्हणतो ती, अजूनही सहामाहीवरच चालते. दर सहामाहीला पाव महिन्याचं वेतन, कमाल साडेसोळा महिन्यांचं. म्हणजे तिथे ३३ वर्षांचा हिशेब जिवंत आहे. उपदानासाठी धरायचं वेतन साठ हजार असेल तर एक सहामाही पंधरा हजारांची. मागची सहा वर्षं धरली तर बारा सहामाह्या, एक लाख ऐंशी हजार. ही रक्कम कुणी रस्त्यावर टाकून जाईल असं वाटत नाही, पण लोक टाकून जातात, कारण कुणी विचारलेलंच नसतं.

खरा कडेलोट दहा वर्षांवर आहे. वयोमानाने निवृत्त होणाऱ्याला पेन्शनसाठी किमान दहा वर्षं अर्हताकारी सेवा लागते. साडेनऊ भरली तर पेन्शन नाही. प्रत्येक सहामाहीला अर्धा पगार या दराने एकरकमी सेवा उपदान घ्यायचं आणि घरी जायचं. साठ हजार पगाराला ते एकोणीस सहामाह्यांचे पाच लाख सत्तर हजार. याच माणसाची दहा वर्षं भरली असती तर केंद्राच्या सध्याच्या नियमांप्रमाणे महिन्याला तीस हजार, वर महागाई भत्ता, आणि पश्चात पत्नीला कुटुंब निवृत्तिवेतन. पाच लाख सत्तर हजार म्हणजे त्या पेन्शनचे जेमतेम एकोणीस महिने. शिवाय नऊ वर्षं नऊ महिने झाले असतील तर सहामाहीच्या नियमाने दहाच धरायची, हे कार्यालयालाच आठवण करून द्यावं लागतं अशी प्रकरणं होतात. उशिरा सरकारी नोकरीत आलेला माणूस, आणि असे विदर्भात पुष्कळ, या काठावर उभा असतो. त्याच्या बाबतीत मागच्या नोकरीचं एखादं वर्ष म्हणजे भर नसते, सगळी पेन्शनच त्यावर असते.

मग हे वर्ष जोडायचं कसं? इथे नियम ४६ येतो. राजीनामा दिला की मागची सेवा जप्त होते, असं तो सांगतो. लगेच अपवादही सांगतो: दुसऱ्या सरकारी नेमणुकीसाठी, योग्य परवानगीने दिलेला राजीनामा असेल तर ती जप्त होत नाही. यालाच कार्यालयीन बोलीत तांत्रिक राजीनामा म्हणतात. दोन नोकऱ्यांमधला सांधा म्हणजे हा एवढाच कागद.

समजा एक ग्रामसेवक आहे, काटोल तालुक्यातला. स्पर्धा परीक्षेचा अर्ज त्याने गुपचूप भरला, कारण गटविकास अधिकाऱ्याला कळलं तर ना हरकत मिळायची नाही, वर सगळ्या कार्यालयात चर्चा. निवड झाली. रुजू व्हायला मुदत थोडी. त्याने राजीनामा लिहिला: ‘वैयक्तिक कारणास्तव मी माझ्या पदाचा राजीनामा देत आहे.’ एका महिन्याचा पगार नोटिशीपोटी भरला, मंजुरी मिळाली, पेढे वाटले. त्याच्या शेजारच्या सज्जावरच्या दुसऱ्याने अर्ज विहित मार्गाने पाठवला होता. त्याचा राजीनामा असा: ‘अमुक आदेशान्वये अमुक पदावर माझी निवड झाली असून त्या पदावर रुजू होण्यासाठी माझा तांत्रिक राजीनामा मंजूर करून मला कार्यमुक्त करावे.’ दोघे एकाच दिवशी गेले, एकाच दिवशी रुजू झाले, पुढे तीस वर्षं शेजारी बसून काम केलं. कायद्याच्या नजरेत पहिल्याची आधीची नोकरी झालीच नाही.

कार्यमुक्तीच्या आदेशावर तारखेपुढे ‘म.पू.’ किंवा ‘म.नं.’ असं लिहिलेलं असतं, मध्यान्हपूर्व की मध्यान्हानंतर. हे दोन अक्षरांचं प्रकरण बघायला शिका. ३१ तारखेला मध्यान्हानंतर सुटलेला आणि १ तारखेला मध्यान्हपूर्व रुजू झालेला माणूस कुठेच तुटत नाही. ३१ ला मध्यान्हपूर्व सोडलं तर तो दिवस कुणाचाच नाही. दोन कार्यालयं वेगळ्या गावी असतील तर नियमाप्रमाणे मिळणाऱ्या पदग्रहण अवधीत हे अंतर झाकलं जातं. त्यापलीकडचे दिवस शिल्लक रजेने झाकायचे. तेही जमलं नाही तर सेवाखंड क्षमापित करून घ्यायचा. नियम ४८ त्यासाठी आहे. खंड क्षमापित करणं म्हणजे तो काळ सेवेत धरणं नव्हे. अलीकडची आणि पलीकडची सेवा जोडली जाते, मधला काळ वगळूनच. आणि राजीनामा देऊन किंवा बडतर्फीने पडलेला खंड या दारातून आत येत नाही, हेही लक्षात असू द्यावं.

हा नियम कठोर आहे, असं माझं मत आहे. माणसाने काम केलेलं असतं, सरकारला त्याची सेवा मिळालेली असते, आणि एका वाक्याच्या लेखनशैलीवरून ती पुसली जाते. पण न्यायालयांनी तो बहुतेक वेळा जसा आहे तसाच लावला आहे. ५ डिसेंबर २०१९ च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयापुढे दिल्लीच्या वीज मंडळाचा एक कर्मचारी होता. १९९० मध्ये त्याने राजीनामा दिला होता; वीस वर्षं झालीच होती, तेव्हा ही स्वेच्छानिवृत्तीच समजा, असं त्याचं म्हणणं. न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने ते मानलं नाही. राजीनामा तो राजीनामा, स्वेच्छानिवृत्ती ती स्वेच्छानिवृत्ती. पहिल्याने सेवा जाते, दुसरीने नाही. याच न्यायालयात त्यांचे वडील यशवंतराव चंद्रचूड सरन्यायाधीश असताना, १७ डिसेंबर १९८२ ला, नकारा प्रकरणाचा प्रसिद्ध निकाल लागला होता. पेन्शन ही सरकारची कृपा किंवा बक्षीस नव्हे, केलेल्या सेवेतून आलेला हक्क आहे, असं त्या घटनापीठाने सांगितलं. देशभरचे पेन्शनर आजही १७ डिसेंबर हा पेन्शनर दिन म्हणून पाळतात. हक्क आहे खरा, पण नियमांच्या चौकटीतला.

नागपुरात हा प्रश्न इतर शहरांपेक्षा जास्त गुंतागुंतीचा होतो, कारण या शहरात नोकऱ्याच इतक्या जातींच्या आहेत. राज्य सरकार, जिल्हा परिषद, महानगरपालिका, सुधार प्रन्यास हे झालं एकीकडचं. दुसरीकडे केंद्राचा मोठा बाडबिस्तरा: रेल्वे, टपाल, आयकर, भारतीय खाण ब्युरो, भूवैज्ञानिक सर्वेक्षण, २०२१ पर्यंत खात्याचीच असलेली अंबाझरीची आयुध निर्माणी. नीरी ही सीएसआयआरची, म्हणजे स्वायत्त संस्थेची प्रयोगशाळा. वेस्टर्न कोलफिल्ड्स ही कंपनी. आणि शेजारी कामठीची छावणी. एकाच घरातले तीन भाऊ तीन वेगळ्या पेन्शन नियमांखाली असतात आणि एक भाऊ आयुष्यात तिन्हीकडे फिरून आलेला असतो.

केंद्र आणि राज्य यांच्यात ये-जा करणाऱ्याची तात्पुरती सेवाही धरायची, हे ३१ मार्च १९८२ च्या केंद्राच्या आदेशाने ठरलं. तेव्हा दोन सरकारं आपापला वाटा भरत. पुढे ही वाटणीची पद्धत बंद झाली आणि निवृत्तीच्या वेळी माणूस ज्याच्याकडे असेल त्याने पूर्ण पेन्शन द्यायची असं झालं. कर्मचाऱ्याच्या दृष्टीने हे फार बरं झालं. पूर्वी कधी काळच्या खात्याकडून हिस्सा यायचा म्हणून फाइल वर्षभर अडायची.

स्वायत्त संस्थांचं तसं नाही. तिथे २९ ऑगस्ट १९८४ चा आदेश चालतो आणि त्यात पैशांची देवघेव आहे. संस्थेत पेन्शन योजना असेल तर ती आपल्याकडच्या वर्षांचा भांडवली हिस्सा एकरकमी नव्या मालकाला देते. अंशदायी भविष्य निर्वाह निधी असेल तर कर्मचाऱ्याने पर्याय निवडायचा: एकतर मालकाचा वाटा व्याजासकट घेऊन मोकळं व्हायचं आणि नव्या नोकरीत शून्यापासून सुरुवात करायची, नाहीतर तो वाटा सरकारजमा करून वर्षं विकत घ्यायची. पर्याय एकदाच, आणि रुजू झाल्यापासून वर्षभरात. तिशीतल्या माणसाला हातात येणारी रक्कम दिसते, तीस वर्षांनंतरची सहामाही दिसत नाही. कंपनीच्या नोकरीचं तर बोलूच नये. कोळसा कामगारांची पेन्शन १९९८ च्या स्वतंत्र कोळसा खाण पेन्शन योजनेखाली चालते, तिची वर्षं तहसीलच्या वर्षांना जोडली जात नाहीत.

फौजेतून आलेल्यांचा प्रश्न उलटा आहे. त्यांची सेवा जोडता येते, पण किंमत मोजून. घेतलेली सैनिकी पेन्शन आणि उपदान परत करायचं, केंद्राच्या नियमांत जास्तीत जास्त ३६ मासिक हप्त्यांत, आणि पुढची पेन्शन एकत्र घ्यायची. जुन्या ३३ वर्षांच्या काळात हा सौदा काहींना परवडायचा. आता हिशेब करून बघा. पस्तिसाव्या वर्षी सैन्यातून सुटून पोलीस किंवा महसूल खात्यात लागलेला माणूस अठ्ठावन्नपर्यंत तेवीस वर्षं करतो. त्याची इथली पेन्शन तेवढ्यावर पूर्ण होते. मग हातातली सैनिकी पेन्शन परत कशाला करायची? तरीही ‘मागची सेवा जोडून घे, फायदा असतो’ असा सल्ला त्याला कुणीतरी देतोच.

या सगळ्यांना निदान पहिली नोकरी नोकरी म्हणून मिळालेली होती. ज्यांना तीही धड मिळाली नाही, त्यांच्या वर्षांचं काय होतं ते बघायचं तर नागपुरात वनभवनापाशी जावं. महाराष्ट्राच्या वन खात्याचं मुख्यालय इथे आहे. रोपवाटिकेत काम करणारे, वणवा विझवणारे, जाळरेषा काढणारे मजूर वर्षानुवर्षं रोजंदारीवर होते. ३१ जानेवारी १९९६ च्या शासन निर्णयाने त्यातल्या ज्यांनी १ नोव्हेंबर १९९४ पर्यंत सलग पाच वर्षं, दर वर्षी किमान २४० दिवस काम केलं होतं, त्यांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांच्या वरच्या जादा, पदांवर कायम केलं. मोठा निर्णय होता, हजारो घरांत उजेड आला. पण रोजंदारीचा काळ पेन्शनला धरायचा नाही हा नियम तसाच होता. १९९४ ला त्रेपन्न वर्षांचा असलेला वनमजूर साठाव्या वर्षी, २००१ मध्ये, घरी गेला तेव्हा त्याची अर्हताकारी सेवा सात वर्षं भरली. जंगलात तीस वर्षं काढलेली असोत की चाळीस, दहाचा काठ गाठला नाही. पुढे १६ ऑक्टोबर २०१२ च्या निर्णयाने आणखी काही हजार मजूर १ जून २०१२ पासून कायम झाले, आणि ते तर २००५ नंतरचे, म्हणजे पुढे येणाऱ्या नव्या योजनेतले, म्हणून जुन्या पेन्शनच्या बाहेरच.

पाटबंधारे आणि बांधकाम खात्यांत वाट थोडी वेगळी निघाली. कालेलकर निवाड्यानुसार पाच वर्षं सलग काम केलेल्या रोजंदारी मजुराला ‘रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापना’ असं लांबलचक नाव असलेल्या आस्थापनेवर घेतात. कामगार तिला सीआरटी म्हणतात. पेंच प्रकल्पापासून गोसीखुर्दपर्यंत ‘तू सीआरटीत कधी आलास?’ हा प्रश्न म्हणजे ‘तुझी पेन्शन कधीपासून?’ असाच असतो. निवृत्तिवेतन नियमांच्या नियम ५७ मध्ये कार्यव्ययी (वर्कचार्ज्ड), आकस्मिक खर्चातून पगार होणाऱ्या आणि रोजंदारी कर्मचाऱ्यांची सेवा वगळली आहे. आकस्मिक खर्चातून पगार घेत असलेला माणूस पुढे नियमित आस्थापनेत आला तर त्याची मागची अर्धी सेवा धरायची, अशी एक टीप त्याखाली आहे. टीपच ती, पण तिच्यावर पुष्कळ शिपायांची आणि चौकीदारांची दहा वर्षं भरली आहेत.

२ सप्टेंबर २०१९ ला उत्तर प्रदेशच्या प्रेम सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने कार्यव्ययी सेवाही पेन्शनला धरावी असं सांगितलं. ज्यांच्याकडून तीस-चाळीस वर्षं नियमित स्वरूपाचं काम करून घेतलं त्यांना कार्यव्ययी म्हणून वेगळं ठेवणं न्यायालयाला मान्य झालं नाही. देशभरच्या कामगारांनी हा निकाल उचलून धरला. उत्तर प्रदेश सरकारने काय केलं? २०२१ मध्ये कायदाच केला की अर्हताकारी सेवा म्हणजे नियमित पदावरचीच सेवा, आणि तो पूर्वलक्षी प्रभावाने लावला. अशा निकालांची कात्रणं खिशात घेऊन फिरणाऱ्यांनी निकालानंतर काय झालं तेही वाचावं.

आता दुसरा १ नोव्हेंबर. ३१ ऑक्टोबर २००५ च्या शासन निर्णयाने महाराष्ट्राने १ नोव्हेंबर २००५ पासून लागणाऱ्यांसाठी परिभाषित अंशदान योजना आणली. केंद्राने तेच १ जानेवारी २००४ पासून केलं होतं. यानंतर मागल्या नोकरीचा अर्थच पालटला. आधी ती किती वर्षं जोडते हा प्रश्न होता. आता ती माणसाला कोणत्या बाजूला उभी करते हा प्रश्न झाला. वर ज्या दोन ग्रामसेवकांची गोष्ट सांगितली ते २००२ ला लागले आणि २००८ ला नव्या पदावर गेले असं धरा. तांत्रिक राजीनामा देणारा जुन्या पेन्शनमध्ये राहतो, वैयक्तिक कारण लिहिणारा २००८ चा नवा कर्मचारी ठरतो. केंद्रातही २८ ऑक्टोबर २००९ च्या ज्ञापनाने तांत्रिक राजीनाम्याची ही सोय स्पष्ट केली.

तारखेच्या या काठावरून इतकी माणसं पडली की सरकारला मागे वळावं लागलं. जाहिरात आधीची, परीक्षा आधीची, पण नेमणुकीचं पत्र सरकारच्याच दिरंगाईने तारखेनंतर निघालं, असे कितीतरी. २ फेब्रुवारी २०२४ च्या शासन निर्णयाने राज्याने, जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वीची असेल तर जुन्या पेन्शनचा पर्याय दिला. अनुदानित शाळांतले शिक्षक अजून वेगळ्याच फटीत आहेत: नेमणूक आधीची, शाळेला शंभर टक्के अनुदान नंतरचं. हिवाळी अधिवेशनात यशवंत स्टेडियमवर ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’च्या टोप्या घालून जमणाऱ्या गर्दीत हे सगळे असतात. मार्च २०२३ मध्ये राज्यभर झालेल्या संपातही हीच मंडळी पुढे होती.

हे सगळे कागद शेवटी ज्या टेबलावर जातात ते टेबलही नागपुरातच आहे. विदर्भ आणि मराठवाड्यातल्या राज्य कर्मचाऱ्यांची निवृत्तिवेतन प्रकरणं सिव्हिल लाइन्समधलं महालेखापाल कार्यालय मंजूर करतं. एजी ऑफिस म्हणून ते ओळखलं जातं आणि कार्यालयातले जुने बाबू त्याचं नाव थोड्या धाकाने घेतात. गंमत अशी की हे कार्यालय राज्याचं नव्हे, भारताच्या नियंत्रक व महालेखापरीक्षकांच्या अखत्यारीतलं. तिथल्या तपासनिसाला तुमची ओळख नसते, तुमच्या साहेबाचीही नसते. समोर फक्त सेवापुस्तक असतं. मागच्या सेवेची नोंद असेल पण कार्यमुक्तीचा आदेश जोडलेला नसेल, तर त्रुटी काढून प्रकरण परत. आदेश असेल पण राजीनामा कोणत्या कारणाने हे त्यात नसेल, तर पुन्हा परत. मधल्या काळात जुनं कार्यालय दुसऱ्या इमारतीत गेलेलं असतं, तालुका विभागलेला असतो, आवक-जावक नोंदवही वाळवीने खाल्लेली असते. १९९२ च्या एका आदेशाची प्रत शोधत साठीचा माणूस कोणत्या तरी पंचायत समितीच्या अभिलेख कक्षात धूळ झटकत उभा असतो, हे दृश्य नवं नाही.

म्हणून मागची सेवा जोडण्याचा अर्ज रुजू झाल्याच्या वर्षीच करावा. त्यात निवडीचा आदेश, विहित मार्गाने अर्ज गेल्याचा पुरावा, राजीनामा मंजुरीचा आदेश आणि कार्यमुक्तीचा आदेश लागतो; जुनं सेवापुस्तक नव्या कार्यालयात मागवून घ्यावं लागतं. सेवा धरण्यास मंजुरी देणारा आदेश निघाला की तो सेवापुस्तकात लाल शाईने का होईना पण नोंदवून, त्यावर कार्यालयप्रमुखाची सही घ्यावी. महाराष्ट्रात कर्मचाऱ्याला दुय्यम सेवापुस्तक ठेवता येतं, आणि त्यात वेळोवेळी नोंदी करून घ्यायच्या असतात. बहुतेकांचं दुय्यम सेवापुस्तक पहिल्या दोन पानांनंतर कोरं असतं. आदेश नाकारला गेला तर नागपुरात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं खंडपीठ आहे, त्यावर उच्च न्यायालयाचं खंडपीठ. पण तिथेही वकील पहिल्यांदा तेच चार कागद मागतो.

नव्या योजनेत, म्हणजे राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेत (एनपीएस), वर्षं मोजायची भानगडच नको असं ठरलं होतं. खातं एक, प्रान क्रमांक एक. नोकरी बदला, पैसे त्याच खात्यात. आधीच्या नोकरीचे पैसे असतात, वर्षं नसतात. तरुण कर्मचाऱ्यांना वाटलं, बरं झालं, एजी ऑफिसची पायरी चुकली. मग १ एप्रिल २०२५ पासून केंद्राने एकीकृत निवृत्तिवेतन योजना आणली. शेवटच्या बारा महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाच्या निम्मी हमी, पण २५ वर्षं सेवा भरली तर. त्याहून कमी असेल तर प्रमाणात. आणि किमान दहा हजारांची हमी दहा वर्षांनंतर. राज्याच्या मंत्रिमंडळानेही ही योजना घोषित होताच, ऑगस्ट २०२४ मध्येच, तिला मान्यता दिली. म्हणजे वर्षं पुन्हा मोजायची आली, दहाचा काठ परत आला. २०१० नंतर लागलेल्या आणि ‘वैयक्तिक कारणास्तव’ एक नोकरी सोडून दुसरीत आलेल्या हजारोंना अजून कुणी त्यांचा जुना राजीनामा मागितलेला नाही.